तोकायदो शिंकान्सेन : थांब्यांचं नियोजन असावं तर असं

जपानचा हा बुलेट ट्रेनचा मार्ग : टोकियो ते शिन-ओसाका ५१५ किमी, स्थानकं १७. ‘नोझोमी’ ही सर्वांत जलद गाडी वाटेत फक्त चार ठिकाणी थांबते आणि साधारण अडीच तासांत पोहोचते. सगळीकडे थांबणाऱ्या ‘कोदामा’ला सुमारे चार तास लागतात. म्हणजे अकरा जादा थांब्यांना दीड तास, थांब्यामागे आठेक मिनिटं. एवढा वेळ निव्वळ ब्रेक लावण्यात आणि पुन्हा २८५ चा वेग घेण्यात जात नाही. कोदामा बाजूच्या रुळावर उभी राहते, मधल्या रुळावरून नोझोमी सुसाट निघून जाते, मगच हिला सिग्नल मिळतो. छोट्या गावांना थांबा द्यायचा तर हे बाजूचे रूळ सुरुवातीलाच बांधावे लागतात. वाटेतल्या आतामी स्थानकाला जागाच नव्हती, तिथे दोनच रूळ आहेत. त्यामुळे तिथे गाडी पुढे काढता येत नाही.

ओदावारासारख्या ठिकाणी जायचं असेल तर नोझोमी धरू नका, ती तिथे थांबत नाही. या दोहोंच्या मधली गाडी ‘हिकारी’, तिचे थांबे गाडीगणिक बदलतात, तेव्हा तिकिटाआधी वेळापत्रक नीट बघा. प्रत्येक गावाच्या हट्टापायी सगळ्याच गाड्या थांबवल्या नाहीत, हे या सेवेचं खरं यश. पूर्ण गुण.