कुंभारीचं घरकुल की गुंठ्याची जागा? विसार देण्याआधीचा हिशोब

सोलापूरच्या पूर्व भागात भाड्याच्या खोलीत राहून माग आणि विडीवर घर चालवणाऱ्या कुटुंबापुढे स्वतःच्या घराचे साधारण दोनच रस्ते असतात. एक, अक्कलकोट रस्त्याला कुंभारीकडे असलेल्या कामगार वसाहतींतलं घरकुल. दुसरा, शहराच्या कडेला गुंठा-अर्धा गुंठा जागा घेऊन जमेल तसं बांधत जाणं. लोक दोन्हींची किंमत विचारतात आणि स्वस्त तिकडे वळतात. माझं म्हणणं आहे, किंमत नंतर बघा. आधी बघा की त्या घरावर कर्ज कोण देणार आणि कोणत्या दराने.

दोन घरं डोळ्यांसमोर आणा, दोन्हींची मिळकत महिन्याला पंचवीस हजार. एक विजापूर रोडचा कारकून, पगार बँकेत जमा होणारा. दुसरं पूर्व भागातल्या दत्त नगरातलं कुटुंब: नवरा यंत्रमागावर, बायको विडीला, मुलगा टॉवेलच्या शिलाईला, आणि तिघांचाही पैसा आठवड्याला रोख हातात. दोघांनी 15 वर्षांसाठी 5 लाख काढले. कारकुनाला 9 टक्क्यांनी मिळाले, तर हप्ता 5,071 रुपये. दुसऱ्याला पगाराचा कागद नाही म्हणून 15 टक्क्यांवर जावं लागलं, तर हप्ता 6,998. पंधरा वर्षांत फरक पडतो साडेतीन लाखांच्या आसपास. कष्टात फरक नसताना हा दंड फक्त कागद नसल्याचा आहे. आपल्या शहराचे दोन भाग एकमेकांपासून लांब पडत जातात त्यात या दंडाचा मोठा वाटा आहे, आणि याची मला खरोखर चीड येते.

आता घरकुल. इथे सोलापूरला अभिमान वाटावा असा इतिहास आहे. माजी आमदार आणि कामगार नेते नरसय्या आडम, म्हणजे आडम मास्तर, यांच्या नेतृत्वाखाली लढून विडी कामगार महिलांनी कुंभारीत गोदूताई परुळेकर वसाहतीची दहा हजार घरं मिळवली. 2006 मध्ये पंतप्रधान मनमोहन सिंग त्यांच्या लोकार्पणाला आले होते. मग रे नगरचा तीस हजार घरांचा प्रकल्प आला. त्यातल्या पंधरा हजार घरांचं लोकार्पण 19 जानेवारी 2024 ला पंतप्रधान मोदींच्या हस्ते झालं. पंतप्रधान आवास योजनेत अशा घरामागे केंद्राचे दीड लाख आणि राज्याचा एक लाख मिळतो. जमिनीचा कागद स्वच्छ असतो, घर बाईच्या नावे किंवा नवरा-बायकोच्या संयुक्त नावे होतं.

पण घरकुल म्हणजे फक्त चार भिंती नव्हेत. विडीवाल्या बाईला पानं-तंबाखू आणायला आणि वळलेल्या विड्या द्यायला कारखान्यात जावं लागतं. छाट, म्हणजे नापास केलेल्या विड्या, निघाली की तेवढी मजुरी बुडते, वर रिक्षाचं भाडं गेलेलंच. वसाहतीजवळ कारखान्याची शाखा असेल तर प्रश्न मिटला. नसेल, आणि नवऱ्याचा मागही शहरातच असेल, तर दोघांचे मिळून रोज शंभर रुपये धरा. महिन्याचे 2,600 होतात, म्हणजे वरच्या कारकुनाच्या हप्त्याच्या निम्मे. सवलतीतून वाचलेला पैसा असा प्रवासात जातो. मुलगी दहावीच्या पुढे शिकत असेल तर तिचं येणं-जाणंही यात मिळवा.

आणखी एक गोष्ट. मूळ लाभार्थ्याकडून ‘कुलमुखत्यारपत्रावर’ घरकुल देतो असं कोणी सांगत असेल तर अजिबात घेऊ नका. कुलमुखत्यारपत्राने किंवा नुसत्या साठेखताने मालकी येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2011 मध्येच स्पष्ट केलं आहे. अशा घरावर बँक दमडीही देत नाही.

गुंठ्याच्या जागेचं सुख वेगळं. काम जवळ, नातेवाईक जवळ, पुढे खालच्या खोलीत शिलाई मशीन टाकता येतं, वर एक खोली भाड्याने देता येते. नळाला रोज पाणी नसलेल्या या गावात स्वतःची टाकी बांधता येते, हेही थोडकं नाही. अडचण कागदाची. विकणारा सातबारा दाखवतो तेव्हा तो नीट वाचा. एकाच गटात वीस-पंचवीस नावं, समोर ‘सामाईक’ असा शेरा, आणि तुमची चतुःसीमा कुठेच नाही, असं असेल तर बँकेचा वकील फाईल तिथेच मिटतो. गुंठेवारी, म्हणजे असे तुकडे पाडून विकलेल्या जागा, नियमित करण्याचा कायदा 2001 चा आहे. 2021 च्या दुरुस्तीने 31 डिसेंबर 2020 पर्यंतची बांधकामं त्यात आली. जागा अशी नियमित झालेली असेल तर चित्र पालटतं. बँक दारात उभं करते, आणि स्वतःच्या जागेवर बांधायलाही आवास योजनेचे अडीच लाख मागता येतात. अट अशी की कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न तीन लाखांच्या आत हवं आणि देशात कुठेही पक्कं घर नको.

नियमित नसलेल्या जागेवर पैसा मिळतो तो पतसंस्थेकडून, महिला गटाच्या कर्जातून किंवा सावकाराकडून. पतसंस्था ओळखीने देते, दोन जामीनदार मागते, आठवड्याला भरलेलं घेते. रोख मजुरीवाल्याला ती सोयीची वाटते हे खरं आहे. मात्र महिन्याला ‘शेकडा एक’ ऐकून खूश होऊ नका. पाच वर्षांसाठी लाख रुपये सरळ 12 टक्क्यांनी, म्हणजे शेवटपर्यंत पूर्ण लाखावर व्याज धरून, घेतले, तर दरमहा 2,667 भरावे लागतात आणि घटत्या मुदलावर तो दर 20 टक्क्यांच्या वर पडतो. सावकाराकडे परवाना आहे का विचारा. 2014 च्या राज्याच्या कायद्याप्रमाणे त्याला चक्रवाढ व्याज लावता येत नाही आणि मुदलापेक्षा जास्त व्याज वसूल करता येत नाही. तरीही घराच्या बांधकामासाठी हा पैसा मी कोणालाच सुचवणार नाही.

माझं मत असं: दोघांचंही काम शहरात अडकलेलं असेल आणि नियमित झालेली जागा मिळत असेल, तर जागा घ्या, खोली छोटी बांधा. कागद कच्चा असेल तर जागा कितीही मोक्याची असो, घरकुलाकडेच जा.

दोन्हीकडे अर्जदार म्हणून बाईला पुढे करा. मागवाल्या नवऱ्याकडे बहुतेक वेळा काहीच लेखी नसतं, पण विडी कामगार बाईकडे ओळखपत्र आणि भविष्य निर्वाह निधीचं खातं असतं, तोच तिच्या मिळकतीचा पुरावा. तयार घराचं खरेदीखत एकट्या बाईच्या नावे केलं तर राज्यात मुद्रांक शुल्कात एक टक्का सूटही मिळते. नवऱ्याचं नाव जोडलं की ती जाते. घर दहा लाखांच्या आतलं असेल तर मुद्रांक आणि नोंदणीचा खर्च कर्जाच्या हिशोबात धरायची बँकेला मुभा आहे, तेही विचारा. बँक किंवा गृहवित्त कंपनी, दोघांकडूनही सहीआधी ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ मागून घ्या. 1 ऑक्टोबर 2024 पासून ते देणं बंधनकारक आहे आणि सगळे खर्च धरून पडणारा वार्षिक दर त्यात लिहिलेला असतो. दोन ठिकाणचे ते कागद शेजारी ठेवा, मगच विसार द्या.