आईबाबांना फसवणुकीवरचा पिक्चर दाखवायचाय? थेल्मा, आय केअर अ लॉट की खोसला का घोसला

डिजिटल अरेस्टच्या, म्हणजे पोलीस असल्याचं सांगून व्हिडिओ कॉलवर अटकेची भीती घालून पैसे उकळण्याच्या बातम्या वाचून बऱ्याच जणांच्या डोक्यात येतंय की घरच्या म्हाताऱ्या माणसांना, नाहीतर पेठेतल्या ज्येष्ठ नागरिक संघात, एखादा पिक्चर दाखवावा म्हणजे भाषण न देता विषय निघेल. कोल्हापुरात ही आयडिया चालणारच, पिक्चर म्हटलं की माणसं जमतात. पण कुठला लावायचा? माझी कसोटी एकच आहे, फसलेलं माणूस शेवटपर्यंत कथेच्या मध्यभागी मानानं उभं राहतं का. कारण पैसे गेल्यापेक्षा पोरं काय म्हणतील ह्याची धास्ती मोठी असते, त्यापायी माणूस दोन दिवस कुणाला सांगत नाही, आणि १९३० ह्या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइन नंबरला लगेच फोन केला तर पैसे बँकेत अडवता येण्याची जी काय शक्यता असते तीच ह्या दोन दिवसात जाते.

ह्या कसोटीवर थेल्मा सगळ्यात वर. २०२४ च्या अमेरिकेतल्या सनडान्स फिल्म फेस्टिव्हलमध्ये पहिल्यांदा दाखवलेला छोटा इंडी पिक्चर, दिग्दर्शक जॉश मार्गोलिन, त्याच्या स्वतःच्या आजीवरनं सुचलेला. ९३ वर्षांच्या थेल्मा आजीला फोन येतो, नातू बोलतोय, अ‍ॅक्सिडेंट झालाय, जेलमध्ये आहे, मग वकील म्हणून दुसरा बोलतो आणि आजी १०,००० डॉलर कॅश पोस्टानं पाठवून मोकळी होते. हे सगळं इतकं साधं दाखवलंय की बघणाऱ्याला कळतं, आपणपण पाठवले असते. पण खरा जीव त्याच्या पुढच्या भागात आहे, लेक आणि जावई लगेच हिला आता एकटं ठेवायचं का ह्यावर बोलायला लागतात. आपल्याकडंपण हेच होतं की, एकदा चूक झाली की मोबाइल आणि पासबुक काढून घेतात, आणि आई गप्प होते ती कायमचीच. थेल्मा गप्प बसत नाही, एका मित्राला घेऊन, त्याच्या बॅटरीवरच्या, म्हाताऱ्यांच्या बसून फिरायच्या स्कूटरवरनं पैसे परत आणायला निघते, आणि जून स्क्विबनं ते असं केलंय की हसू येतं पण तिच्यावर कुणी हसत नाही. मित्राचं काम रिचर्ड राउंडट्रीनं केलंय, २०२३ मध्ये ते गेले, त्यांचे सीन बघताना गलबलतं. अडचण एवढीच की पिक्चर इंग्रजी आहे, सबटायटल वाचायचा कंटाळा असेल तर शेजारी बसून सांगायला लागतंय.

आय केअर अ लॉट मी म्हाताऱ्यांना दाखवणार नाही, तुम्ही स्वतः बघा. ह्यात फसवणूक फोनवरनं नाही, कोर्टातनं होते. डॉक्टरला हाताशी धरून धडधाकट बाईला अक्षम ठरवायचं, कोर्टाकडनं तिचा कायदेशीर पालक (गार्डियन) म्हणून स्वतःची नेमणूक करून घ्यायची, तिला केअर होममध्ये टाकायचं आणि घर विकायचं. पहिला अर्धा तास अंगावर येतो. फसवणाऱ्या बाईचं काम करणाऱ्या रोझमंड पाइकला ह्यासाठी गोल्डन ग्लोब मिळालं आणि काम भारीच आहे, पण नंतर माफिया येतो, मारामारी येते, आणि डायान वीस्टची ती म्हातारी बाजूलाच पडते. मला हे फार लागलं.

खोसला का घोसला, २००६ चा, दिबाकर बॅनर्जीचा. हिंदी आहे म्हणजे निम्मं काम झालं. रिटायरमेंटला आलेल्या माणसानं आयुष्यभराच्या बचतीतनं प्लॉट घेतला आणि भूमाफिया खुरानानं तो बळकावून वर १५ लाख मागितले, हे सातबारा आणि गुंठेवारीत डोकं घातलेल्या कुठल्याही घरात लगेच कळतं. आणि जमीन खाणाऱ्याची गोष्ट कोल्हापूरला नवी नाही, बाबूराव पेंटरांनी १९२५ मध्ये सावकारी पाश इथंच केला, सावकाराच्या खोट्या कागदापायी जमीन गमावणारा शेतकरी, आणि तो शेतकरी व्ही. शांताराम. त्या मूकपटाची प्रिंट आज नाही, नाहीतर पहिलं नाव तेच घेतलं असतं. खोसलामध्ये अनुपम खेर पोरांसमोर हतबल होतो ते बघताना घरातले बाबा खुर्चीत सावरून बसतात. कमी काय, तर फोनवरची फसवणूक ह्यात नाही, आणि सुटका उलट फसवूनच होते, त्यामुळं बघून झाल्यावर पोलीस आणि १९३० चं वेगळं बोलायला लागणार.

तर हॉलमध्ये पन्नासभर माणसं असतील तर खोसला लावा, सव्वादोन तास आहे, मध्ये चहा ठेवा. घरी आईच असेल तर थेल्मा, आणि तो सुरुवातीचा फोनचा सीन झाला की पॉज करून तिला विचारा, तू काय केलं असतंस, आणि ती बोलेल ते मध्ये न तोडता ऐका.