जाकोमो की याकोपो? एकाच मुळाची दोन इटालियन नावे

मुलाच्या आई-वडिलांपैकी एकाचे घराणे मराठी आणि दुसऱ्याचे इटालियन असले, की बारशाच्या यादीत जाकोमो आणि याकोपो ही दोन स्वतंत्र नावे म्हणून लिहिली जातात. मुळात ते एकच नाव आहे, त्यामुळे अर्थ पाहून निवड करू म्हटले, तर ती होणार नाही.

दोन्हींचा उगम हिब्रू ‘याअकोव’ या नावात आहे. बायबलमधील कथेनुसार जुळ्यांपैकी धाकटा, म्हणजे इस्राएली लोकांचा मूळपुरुष याकोब, हा थोरल्या एसावची टाच धरून जन्माला आला, म्हणून टाचेच्या शब्दावरून त्याचे नाव पडले; पुढे त्याने भावाचा ज्येष्ठत्वाचा हक्क मिळवला, तेव्हा ‘दुसऱ्याची जागा घेणारा’ हा अर्थही त्या नावाला चिकटला. अनेक अभ्यासक मात्र ‘देव रक्षण करो’ हा मूळ अर्थ मानतात, आणि बारशाला जमलेल्या मंडळींना सांगायला तोच बरा. हे नाव ग्रीकमार्गे लॅटिनमध्ये ‘याकोबुस’ झाले. त्यातल्या ‘ब’चा बोलीत ‘म’ होऊन ‘याकोमुस’ असे रूप आले, त्यापासून जाकोमो घडले (इंग्रजीतील जेम्सही त्याच वाटेने आला). मध्य इटलीतील तस्कनी प्रांतात मात्र ‘ब’चा ‘प’ झाला आणि याकोपो रूढ झाले. मराठी बायबलमध्ये मूळपुरुष आणि येशूचा शिष्य या दोघांनाही याकोब हेच नाव आहे, तर इटालियनमध्ये मूळपुरुषासाठी ‘जाकोब्बे’ हे तिसरे रूप राखून ठेवलेले आहे.

फरक आहे तो प्रदेशाचा आणि कानाचा. जाकोमो हे सबंध इटलीचे नाव आहे: व्हेनिसचा कासानोव्हा, रेकानातीत 1798 साली जन्मलेला कवी लेओपार्दी आणि लुक्का येथे 1858 साली जन्मलेला संगीतकार पुच्चिनी हे तिघेही जाकोमोच. याकोपोला चित्रकार पोंतोर्मो आणि शिल्पकार देल्ला क्वेर्चा यांच्या तस्कनीचा वास आहे, जरी तिंतोरेत्तो हा व्हेनिसचा याकोपो होता आणि आज हे नाव तस्कनीपुरते उरलेले नाही. 25 जुलैला ज्याचा सण असतो, तो संत, म्हणजे येशूचा शिष्य याकोब, इटलीत इतरत्र सान जाकोमो म्हणून ओळखला जातो. तस्कनीतील पिस्तोया शहराचा मात्र तो रक्षक संत आहे आणि तेथे त्याला सान याकोपो म्हणतात. लाडाने हाक मारायची, तर जाकोमोचा जाकोमिनो होतो. याकोपोपासून निघालेले जुने ‘लापो’ अधिक सुटसुटीत आहे. भीतीने किंवा थकव्याने पाय लटपटू लागले, की इटालियन माणूस पाय ‘जाकोमो जाकोमो’ करतात असे म्हणतो, पण त्या थट्टेपायी कोणी हे नाव टाळल्याचे माझ्या पाहण्यात नाही.

दोन्ही नावांत आघात पहिल्या अक्षरावर येतो. जाकोमोचा ‘ज’ हा ‘जन्म’मधला, ‘जाळे’मधला नव्हे, आणि मराठी जीभ नेमकी येथे घसरते, शिवाय रोमन अक्षरे वाचून आपल्याकडे ‘गियाकोमो’ अशी हाक हमखास ऐकू येईल. याकोपो हे नाव याकोब आणि याकूब ऐकलेल्या कानाला परके वाटत नाही. मात्र कागदावर त्याचे पहिले अक्षर ‘जे’ असल्यामुळे त्याचेही ‘जेकोपो’ होऊ शकते. ‘जे’ हे अक्षर 21 अक्षरांच्या इटालियन वर्णमालेत नाही, तरी जुन्या नावांत ते टिकून आहे आणि तेथे त्याचा उच्चार ‘य’ होतो. हेच नाव ‘आय’ने सुरू करूनही लिहितात, तेव्हा निवडलेले स्पेलिंग जन्मदाखल्यावर आणि पासपोर्टवर अक्षरशः एकच राहील याची काळजी घ्यावी.

इटलीतील नोंदणीच्या 2000 सालच्या नियमांनुसार हयात वडिलांचे किंवा हयात भावाचे नाव मुलाला ठेवता येत नाही, म्हणून वडीलच जाकोमो असतील, तर निम्मा निर्णय आपोआप झाला. एरवी मूल इटलीतच वाढणार असेल आणि नाव सांगताना कोणी स्पेलिंग विचारू नये असे वाटत असेल, तर मी जाकोमो सुचवेन; मुलाला मराठी आजी रोज हाक मारणार असेल, तर याकोपो.