काती ओउतिनेनसाठी घेतलेला संच

फिनिश दिग्दर्शक आकी काउरिस्माकीच्या ‘प्रोलेटेरियट ट्रिलॉजी’चा (कामगारवर्गावरच्या तीन सिनेमांचा) ३ डीव्हीडींचा संच मी घेतला तो अभिनेत्री काती ओउतिनेनसाठी. (तिघांपैकी ‘एरियल’मध्ये ती नाहीच, हे आधीच सांगून ठेवते.) ‘शॅडोज इन पॅरडाइज’मध्ये (१९८६) ती सुपरमार्केटातली कॅशियर, तर ‘द मॅच फॅक्टरी गर्ल’मध्ये (१९९०) काडेपेटीच्या कारखान्यातली इरिस. नाचाच्या हॉलमध्ये बाकीच्या बायकांना बोलावणं येतं, ही एकटीच बाकावर उरते, पायाशी रिकाम्या बाटल्या वाढत जातात. चेहऱ्यावरची रेघ हलत नाही, तरी आपल्या पोटात तुटतं. २००२ साली कान चित्रपट महोत्सवात काउरिस्माकीच्याच ‘द मॅन विदाउट अ पास्ट’साठी ती सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरली, ते उगाच नाही. सबटायटल्स इंग्रजी. इरिसचा सिनेमा ७० मिनिटांच्या आतला आहे. जेवण उरकून बघा, जेवताना नको.