क्रोम की फायरफॉक्स? देवगड-मालवणच्या फोनवरून

देवगड-मालवणच्या पट्ट्यात इंटरनेट बहुतेकांच्या हाती अँड्रॉइड फोनमधूनच आले आणि त्यावर क्रोम हा ब्राउझर, म्हणजे संकेतस्थळे उघडण्याचे अ‍ॅप, बहुधा आधीच बसवलेला असतो. त्यामुळे निवास-न्याहारी चालवणारा असो वा हापूसच्या पेट्यांची मागणी घेणारा बागायतदार, ब्राउझर निवडण्याची वेळ त्याच्यावर सहसा येतच नाही. क्रोमचा जागतिक वाटा सुमारे दोन-तृतीयांश आहे, तो गुणांइतकाच या आयत्या सोयीमुळेही. २००४ मध्ये पहिली आवृत्ती काढून इंटरनेट एक्सप्लोररला हादरा देणारा फायरफॉक्स, २००८ मध्ये क्रोम आल्यानंतर आणि पुढे फोनच्या लाटेत, मोजक्या टक्क्यांवर घसरला.

तरीही आषाढात रेंज एका दांडीवर आली की मला फायरफॉक्सचे पारडे जड वाटते. त्याच्या अँड्रॉइड आवृत्तीत युब्लॉक ओरिजिन हे जाहिराती अडवणारे एक्स्टेन्शन (ब्राउझरला वरून जोडायची पुरवणी) बसवता येते, त्यामुळे बहुतेक जाहिराती उतरतच नाहीत आणि बातमीचे पान कमी डेटात उघडते. फोनवरच्या क्रोममध्ये एक्स्टेन्शनची सोय नाही. मात्र संकेतस्थळांची तपासणी पुष्कळदा क्रोमपुरतीच होते, म्हणून एखादा ऑनलाइन अर्ज अडला की (आणि तो नेमका शेवटच्या दिवशीच अडतो) मुकाट्याने क्रोम उघडावा लागतो. एज आणि ऑपेरा हे ब्राउझरही क्रोमच्याच ब्लिंक इंजिनावर, म्हणजे पान पडद्यावर मांडणाऱ्या गाभ्यावर, चालतात. फायरफॉक्सचे गेको मात्र स्वतंत्र आहे.