पैठणी घेताना पदर उलटून पाहा

नौपाड्यातल्या एका हॉलमध्ये लागलेल्या प्रदर्शनातून माझ्या बहिणीने लेकीच्या लग्नासाठी २४,५०० रुपयांना पैठणी घेतली. ‘येवल्याची, हातमागाची, शुद्ध रेशीम’ असं सांगून ती विकली. ती हातमागाचीही नाही आणि रेशमाचीही नाही.

फसवणूक दारातच मांडलेली होती. खराखुरा माग, त्यावर एक कारागीर पदराचा मोर विणत बसलेला. रंगीत तिल्ल्या, म्हणजे धागा गुंडाळलेल्या छोट्या कांड्या, ताण्यातून (मागावरच्या उभ्या धाग्यांतून) फिरवणारी त्याची बोटं बघत लोक व्हिडिओ काढत होते. आतल्या साड्यांचा त्या मागाशी काही संबंध नव्हता, पण विक्रेता प्रत्येक घडी मोडताना त्याच्याकडे हात करायचा. एका विणकराच्या हातातल्या कलेचा असा वापर झाला, याचा संताप मला पैशांहून जास्त आहे.

आमच्या वहिनींचं माहेर येवल्याचं. त्यांनी साडी घेतली आणि आधी पदर उलटला. “ताई, ही जेकार्डची आहे.” म्हणजे नक्षी हाताने नव्हे, यंत्राने विणलेली.

हातमागावर पदराच्या नक्षीत प्रत्येक रंगाची तिल्ली वेगळी असते. धागा आपल्या रंगापुरता जातो, शेजारच्या रंगात गुंतून मागे फिरतो. म्हणून उलटी बाजूही जवळजवळ सुलटीसारखीच दिसते. या साडीत नक्षीचा धागा जिथे नको तिथे मागून मोकळा गेलेला आणि नंतर कापलेला. पदराच्या मागे कापलेल्या टोकांची लवच होती. गोंड्यातला एक धागा जाळला. रेशमाला केस जळल्याचा वास येतो आणि राख बोटांनी चुरडते. इथे कडक काळा मणी उरला. पॉलिएस्टर.

जेकार्डशी माझं भांडण नाही. छिद्रांच्या पुठ्ठ्यांवरून ताण्याचे धागे उचलणारं हे तंत्र फ्रान्समध्ये १८०४च्या सुमारास आलं आणि ते अफलातूनच आहे. ‘सेमी पैठणी’ म्हणून रास्त भावात विकली असती तर आनंदाने घेतली असती.

बिलावर मात्र नुसतं ‘फॅन्सी साडी’. आता फोनही उचलत नाहीत. ‘हातमाग, शुद्ध रेशीम’ हे शब्द बिलावर लिहून मागा. विक्रेता टाळाटाळ करू लागला तर तिथून निघा. सिल्क मार्क फक्त रेशमाची खात्री देतो, हातमागासाठी हँडलूम मार्क वेगळा असतो.

राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर, १९१५ या क्रमांकावर, आम्ही तक्रार नोंदवली आहे. त्याच प्रदर्शनात कोणी खरेदी केली असेल तर बिल आणि साडीवरचं लेबल टाकू नका, तुम्हीही तक्रार करा.