सरकारकडे अडकलेलं बिल: कौन्सिल की कोर्ट?

सरकारी खात्याला माल दिला आणि बिल 'निधी आला नाही' म्हणून पडून राहिलं, तर दिवाणी दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८०ची दोन महिन्यांची नोटीस द्यावी लागते. मग कोर्ट फी, मग तारखांवर तारखा.

सूक्ष्म-लघु उद्योगांना दुसरी वाट आहे: २००६च्या एमएसएमईडी (सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास) कायद्याखालची फॅसिलिटेशन कौन्सिल, म्हणजे थकलेल्या बिलांचे वाद सोडवणारं मंडळ. या कायद्यात बिल चुकतं करायला मुदत जास्तीत जास्त ४५ दिवस. त्यानंतर रिझर्व्ह बँकेच्या 'बँक दरा'च्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढ! कौन्सिलच्या निवाड्याला आव्हान द्यायचं तर खात्याला ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागते. खरा चाप इथेच बसतो. निकाल ९० दिवसांत, असं कायदा म्हणतो. त्यावर विसंबू नका.

तरी मी कौन्सिलच निवडेन, पण माल देण्याआधीची 'उद्यम' नोंदणी (अशा उद्योगांची सरकारी नोंदणी) हाताशी असेल तरच. आणि माल पोचवल्याच्या चलनावर खात्याच्या स्टोअरकीपरचा शिक्का नसेल, तर दोन्हीकडे घाम फुटतो.